म्हैसासुराची निरवानिरव

मी, नवशा गोमा वेखंडे, वय वर्षे सहासष्ट, धंदा शेती आणि मरणे, राहणार मौजे आवळेपाडा, पोस्ट खर्डी, तालुका शहापूर, जिल्हा ठाणे, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीवर राहून, कोणाच्या दमदाटीला न भिता आणि कोणाच्या गोड बोलण्याला न भुलता लिहवून ठेवतो. माझी अक्कल जागेवर असल्याचा दाखला खर्डीचे डॉ. ओमकार धानके यांनी शेवटी दिला आहे. तो त्यांनी जराही आढेवेढे न घेता दिला, त्यावरून ते मला फारसे ओळखत नाहीत हे उघड आहे.

माझा हात आता थरथरतो, म्हणून हा कागद माझे मित्र धम्मपाल तुकाराम रोकडे, भातसा धरणावरचे सेवानिवृत्त कर्मचारी, माझ्या सांगण्यावरून लिहीत आहेत. "धंदा शेती आणि मरणे" या शब्दांना त्यांनी तिथल्या तिथे हरकत घेतली. "नवशा, ॲक्टर लिवतो मी. जरा बरा दिसंल," असे ते म्हणाले. मी नकार दिला. ज्याचे नाव पडद्यावर येते तो ॲक्टर. माझे नाव उभ्या आयुष्यात "व इतर" याच नावाने आले. हवालदार, मुनीम, दुसरा चोर, सावकाराचा माणूस, नायिकेचा गरीब बाप अशी कामे मी सिनेमात आणि मालिकांत केली आणि बहुतेक ठिकाणी मध्यंतराच्या आत मेलो. गोळीने मेलो, सुरीने मेलो, पुरात मेलो, एकदा बैलगाडीखाली मेलो. त्या वेळी बैलांसाठी छत्री धरायला माणूस होता, मी उन्हातच पडून होतो. तेव्हा धंदा मरणे हाच, आणि तो मी चोख केला.

खरे तर घर, शेत वगैरे गोष्टींसाठी मी एवढा कागद काळा केला नसता. त्या आपोआप मुलीला जातील. हे मृत्युपत्र एका वस्तूसाठी आहे. ती माझ्या खाटेखालच्या पेटीत, जुन्या लुगड्यात गुंडाळून ठेवली आहे: आमच्या घराण्याचे, तोंडावर बांधायचे म्हैसासुराचे लाकडी सोंग. येत्या चैत्रात गावात सोंगे नाचवायचा बोहाडा होईल. तोवर मी असेन असे कल्याणचे डॉक्टर म्हणत नाहीत. ते तोंडातल्या तोंडात पुटपुटले, पण ओठांवरून संवाद ओळखण्यात माझा जन्म गेला आहे. मी न लिहिता गेलो तर ते सोंग माझा पुतण्या साईनाथ उचलून नेईल आणि एका हॉटेलात टांगेल. ते होऊ नये, एवढ्यासाठी हा खटाटोप.

कलम पहिले. घर व शेत. आवळेपाड्यातील माझे राहते कौलारू घर, मागचे परसू, आणि वाटणीत माझ्या हिश्श्याला आलेले भातशेत माझी एकुलती एक मुलगी प्रियांका हिला मिळावे. ती कल्याणला इस्पितळात नर्स आहे. तिने शेत कसावे की विकावे, याबद्दल मी काही अट घालत नाही. मेलेल्या माणसाने अटी घालणे म्हणजे मुडद्याने संवाद मागणे. दिग्दर्शक ऐकत नाही. या मुलीने माझे एकही काम शेवटपर्यंत पाहिलेले नाही. झोप लागते म्हणते. तिच्या आवडीनिवडीबद्दल मला पूर्ण आदर आहे.

पुतण्या साईनाथ याने या घरावर किंवा शेतावर हक्क सांगू नये. त्याच्या बापाचा, म्हणजे माझ्या भावाचा हिस्सा वेगळा झालेला असून तो साईनाथने केव्हाच विकला. त्या जागेवर आता कोणा मुंबईकराचे फार्महाऊस आहे. त्याच्या फाटकावर "माती" असे नाव कोरले आहे आणि आत सगळीकडे फरशी आहे.

कलम दुसरे. रोकड. खर्डीच्या बँकेत जे काही आहे त्यातून माझे सरण, लाकडे आणि गावजेवण व्हावे, उरेल ते प्रियांकाला. जेवणात गोड पदार्थ एकच करावा. लोकांनी माझ्या मरणावर ताव मारला आहे, तो पुष्कळ झाला. मुरबाडला मोबाईलच्या दुकानाच्या उद्घाटनाला मला "सुप्रसिद्ध कलाकार" म्हणून जीपमधून नेले होते. फीत कापली, नारळ फोडला, आणि मग दुकानदार माईकवरून म्हणाला, "आता नवशाकाका आपल्याला मरून दाखवतील!" मी मेलो. लोकांनी टाळ्या पिटल्या आणि पाचपन्नास मोबाईल माझ्या तोंडावर धरले. एका बाईने पोराला जवळ आणून माझ्या शेजारी झोपवले आणि फोटो काढला. निघताना मला स्क्रीनला लावायची काच भेट मिळाली. माझ्याकडे बटणांचा फोन होता.

कलम तिसरे. धंद्याची अवजारे. पत्र्याच्या पेटीत सात-आठ मिशा, दोन दाढ्या, एक टक्कल, मिशा चिकटवायचा डिंक, आणि हवालदाराचा एक कमरपट्टा आहे. पट्टा सिनेमा कंपनीचा होता, परत द्यायचा राहिला. मिशा साईनाथला द्याव्यात. त्याने आजवर इतके धंदे आणि इतके पक्ष बदलले आहेत की त्याला त्या लगेच उपयोगी पडतील. टक्कलही त्यालाच, तिशीतच तो त्या वाटेला लागला आहे.

हे लिहिताना धम्मपाल म्हणाले, "अरे, मृत्युपत्रात शिव्या नाय देत."

मी म्हणालो, "मिशा दिल्या, शिव्या कुठं दिल्या?"

हेही लिहून घ्यावे, असे मी सांगितले आहे.

त्याच पेटीत एक फेटा आहे. तो जाळून टाकावा. भातसानगरला धरणाच्या कडेने एका सिनेमाचे चित्रीकरण होते आणि त्यांना "गावातला म्हातारा" हवा होता. दहा मैलांवर राहणारा गावातला म्हातारा मी उभा राहिलो. काळा चष्मा लावलेल्या एका सहाय्यक दिग्दर्शकाने मला खालीवर पाहिले आणि म्हणाला, "काका, तुम्ही गावातले वाटत नाही." मग माझ्या तोंडाला काळपट रंग फासला, डोक्यावर हा कोल्हापूरकडचा फेटा ठेवला, हातात काठी दिली, तेव्हा मी गावातला झालो. आमच्या सात पिढ्यांत डोक्यावर टोपीशिवाय काही चढलेले नाही. सिनेमा आला तेव्हा गावाने माझा फेटा पाहून मला राजा समजले.

कलम चौथे. सन्मान. तालुक्याच्या एका पुढाऱ्याने दिलेली "कलाभूषण" अशी ढाल माझ्याकडे आहे. तिच्यावर माझ्या नावाऐवजी दुसऱ्याच कोणाचे नाव आहे. त्या दिवशी भूषणे पुष्कळ होती आणि वाटणारे घाईत होते. ग्रामपंचायतीचे दार वाऱ्याने आपटते. ही ढाल त्या दाराला अडण म्हणून लावावी. ती त्यासाठी पुरेशी जड आहे.

कलम पाचवे. फोटो. माझ्या मरणानंतर माझ्या कोणत्याही फोटोला हार घालू नये. घरात नाही, दशक्रियेला नाही, चौकातल्या बॅनरवर तर मुळीच नाही. याचे कारण सविस्तर लिहितो, कारण सहावे कलम त्यावर उभे आहे.

शहापूरच्या नोंदणी कार्यालयातले साहेब परमुलखातले असतील, तर त्यांच्या माहितीसाठी: बोहाडा म्हणजे आमच्याकडचा सोंगांचा उत्सव. गणपतीपासून रावणापर्यंत देवादिकांची आणि राक्षसांची लाकडी सोंगे तोंडावर बांधून, संबळ-पिपाणीच्या तालावर माणसे नाचत येतात. कोणते सोंग कोणत्या घराने घ्यायचे ते पिढीजात ठरलेले असते. त्याला मान म्हणतात. शेवटच्या दिवशी उजाडताना जगदंबेचे सोंग येते आणि म्हैसासुराला मारते. तो मरावाच लागतो. तो मेला नाही तर वर्ष वाईट जाते असे गाव मानते. म्हैसासुर आमच्या घरात. माझा आजा मेला, बाप मेला, मग मी मरत होतो. पांगाऱ्याच्या लाकडाचे ते सोंग आज्याने कोरले आणि त्याला रेड्याची खरी शिंगे बसवली. दुसरी घरे देवपणाच्या मानासाठी भांडतात. आमच्या घराला मरण्याचा मान आहे. मुंबईत मी जे विकले ते हेच, घरून शिकून गेलेले.

दर वर्षी कुठेही काम असले तरी त्या पहाटेला मी गावात असे. एका वर्षी, आता त्याला बरीच वर्षे झाली, मला आदल्या दिवशी संध्याकाळी यायचे होते. कंपनीने जादा पाळी लावली आणि फोन काढून घेतला, कारण त्या वर्षीच्या नायकाला दुसऱ्याचा फोन वाजला की रडू येत नसे. त्याच संध्याकाळी टीव्हीवर माझी एक मालिका लागली. तिच्यात मी नायिकेचा बाप होतो आणि माझे काम संपले होते. म्हणजे दिवाणखान्याच्या भिंतीवर माझा फोटो, त्याला चंदनाचा हार, खाली समई. तो फोटो कंपनीने पुढेही ठेवून घेतला. इतर मालिकांत मी आणखी किती घरांचा कैलासवासी बाप झालो, कोण जाणे.

घरी आई सकुबाई, बायको भागी आणि अर्धा पाडा टीव्हीपुढे बसला होता. नवशा अजून आला नाही म्हणून वाट पाहत होता. पडद्यावर हार घातलेला फोटो आला आणि त्याच वेळी लोडशेडिंगने वीज गेली.

सगळे शहाणे यावर हसतात. मालिका आहे हे त्या बायांना कळत नव्हते का? कळत होते. माझी पुष्कळ मरणे त्यांनी शेंगा खात पाहिली होती. पण आईचे म्हणणे वेगळे होते, आणि ते तिने मरेपर्यंत सोडले नाही. "सोंगात मेलेला मानूस उठतो, ते मला बी म्हाईत हाय," ती म्हणे. "पन जित्या मानसाच्या फोटूला हार कोन घालंल? खेळात सुदीक कोनी घालनार नाय." तिच्या जगात अभिनयालाही एक हद्द होती. ती हद्द मुंबईने कधीच ओलांडली होती, हे तिला कोणी सांगितले नव्हते. यायचा तो मुलगा आला नाही, फोन लागत नाही, आणि फोटोला हार. भागीने बांगड्या फोडल्या. गावाने माझ्या नावाने आंघोळ केली.

एकट्या धम्मपालने केली नाही. "मयत दाखवा, मग मी आंघोळ करतो," म्हणाले, आणि पहिल्या गाडीने मुंबईला आले. मी हवालदाराच्या वेषात भजी खात बसलो होतो. समोर उभे राहून त्यांनी मला नीट न्याहाळले.

"तू मेलास म्हनून घरी रडतात," ते म्हणाले. "भजी हातात घे, न् चल."

दारात पोचलो तेव्हा आईने आधी माझ्या थोबाडीत दिली आणि मग गळ्यात पडली. भागी जागची हलली नाही. "नव्या बांगड्या मी इतक्यात भरनार नाय," ती म्हणाली. "तुमचा काय भरवसा?" पुढच्या बाजारात तिने त्या भरल्या, पण टीव्हीवर कापड टाकले ते कायमचे. माझे एकही काम तिने पुन्हा पाहिले नाही. ती जाऊन आता चार वर्षे झाली. तिच्या फोटोला मी रोज हार घालतो, कारण तिचा हक्काचा आहे. माझा हार मालिकेने उष्टा केला. मला तो नको.

कलम सहावे. सोंग. आता मुख्य गोष्ट.

मी भजी खात होतो त्याच दिवशी पहाटे गावात म्हैसासुर मरायचा होता. घराला सुतक, भावकीला सुतक. सोंग बांधणार कोण? पंचांनी निकाल दिला की लाकडाला सुतक नसते, आणि दुसऱ्या कुळातल्या वाल्मिक धर्मा निमसे याला पुढे केले. आमच्या ओटीवर मांडलेले सोंग तो उंबरा न ओलांडता घेऊन गेला आणि माझ्या जागी मेला. एका वर्षापुरते, असे ठरले होते. पुढच्या वर्षी मी धडधाकट उभा असताना सोंग बांधायला गेलो, तर पंच म्हणाले, "गावानं ज्याच्या नावानं डोक्यावरनं पानी घेतलं, त्याला देवी परत नाय मारत. एक मानूस दोनदा कसा मरंल?"

माझ्यासारख्याला हे सांगितले! मी एका आठवड्यात दोनदा मरत होतो, एकदा तर सकाळी एका कंपनीत आणि दुपारी दुसऱ्या. पण पंचांपुढे काय बोलणार? ज्या गावाला टीव्हीतले मरण खरे वाटले, त्याला माझे जगणे खोटे वाटले. मान वाल्मिककडे गेला. मी सोंग उचलून घरी आणले आणि पेटीत घातले. मान गावाचा असेल. लाकूड माझ्या आज्याचे आहे. तेव्हापासून वाल्मिक कागदाच्या लगद्याचे, ऑइल पेंटने रंगवलेले सोंग बांधतो. ते म्हैसासुरापेक्षा सर्दी झालेल्या गाईसारखे दिसते.

वाल्मिकबद्दल. हा माणूस आणि मी एका वयाचे. लहानपणी एकाच माळावर म्हशी चारल्या. त्याला शिट्टी वाजवता येत नाही, पोहता येत नाही आणि मरता येत नाही. आमच्या म्हैसासुराचे पडणे वेगळे आहे. आधी उजवा गुडघा, मग अंग मागे, हनुवटी छातीला, म्हणजे शिंगांचा भार मानेवर तोलला जातो आणि सोंगाचे तोंड आभाळाकडे राहते. सोंग पालथे मातीला लागता कामा नये. देवीचा पाय छातीवर पडतो, आणि संबळ थांबेपर्यंत बोटही हलवायचे नसते. वाल्मिक काय करतो? छातीवर हात दाबतो, डोळे फिरवतो (सोंगाच्या आत! कोणाला दिसणार?), दोन झोकांड्या खातो आणि कुशीवर कोसळतो. हे सगळे त्याने टीव्हीवरून उचलले. माझ्यावरून उचलले. जे मी पोटासाठी करत होतो ते हा देवीपुढे करतो. एकदा तर मेलेल्या म्हैसासुराच्या खिशातला मोबाईल वाजला आणि मेलेल्या म्हैसासुराने तो बंद केला.

साईनाथबद्दल. त्याने मुरबाडहून माळशेजकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका हॉटेलवाल्याशी बोलणे करून ठेवले आहे. मागच्या महिन्यात माझ्या खाटेजवळ बसून, औषध विचारायचे सोडून, म्हणाला, "काका, रिसेप्शनला लावतील. खालून लाइट मारतील. आपल्या घराचं नाव होईल." रक्ताने आता या सोंगाचा पुरुष वारस तोच. जिथे माणसे खोलीची चावी घेतात तिथे माझ्या आज्याचा म्हैसासुर भिंतीवर टांगून ठेवायचा, कधी न मरता. मरणासाठी केलेल्या सोंगाची याहून विटंबना मला सुचत नाही, आणि विटंबनेच्या बाबतीत मी बरेच पाहिले आहे.

प्रियांकाला मी विचारले. ती म्हणाली, "आप्पा, मला बांधायला देतील का?" देणार नाहीत. बाईने जगदंबा होण्याचीही आमच्याकडे सोय नाही, ती धोंडू पाटलाचा मिशाळ मुलगा होतो. मग ती म्हणाली, "मग ज्याला पडता येतं त्याला द्या." पडता कोणालाच येत नाही. मला येते, आणि मला आता खाटेवरून उठता येत नाही.

म्हणून मला भागीचे बोलणे लिहावे लागत आहे. नाइलाज आहे.

तिच्या शेवटच्या बोहाड्याला आम्ही दोघे बाजूला बसून पाहत होतो. वाल्मिक छातीला हात लावून कोसळला आणि मी मोठ्याने हसलो. भागी म्हणाली, "हसू नका. त्या वर्षी सोंग परत द्याया आला, तवा मला तोंड दाखवंना. पडला तो किती येळ उठलाच नव्हता, लोकं म्हनली मार लागला. मी इचारलं, भावजी, काय झालं? तं बोलला, वयनी, आत लय घाम येतो. सोंग आतनं वलं हुतं. म्या पदरानं पुसलं. घाम काय फकस्त डोळ्यांच्या भोकाखाली येतो?"

मी म्हणालो, तू सगळ्यांबद्दलच चांगले बोलतेस. ती म्हणाली, "तुमी कोनाबद्दलच नाय बोलत. एकानं बोलाया पायजे."

मी त्यावर पुष्कळ विचार केला आहे. खाटेवर दुसरे काम नाही. माझ्या मरणावर पडद्यावर मोठमोठ्या नट्या रडल्या, डोळ्यांत ग्लिसरीन घालून, आणि "कट" म्हणताच नाक पुसून चहा मागितला. आणि हा अडाणी लाकडाच्या आत रडला, जिथे कॅमेरा नाही, उजेड नाही, पाहणारे कोणी नाही. अभिनय म्हणून त्याची किंमत शून्य. पण तो माझ्यासाठी रडला. मला बरे वाटले होते. फार बरे वाटले होते. हे मी भागीलाही सांगितले नाही, कारण वाल्मिकमुळे बरे वाटून घ्यायची मला सवय नव्हती.

"लिवू काय हे?" धम्मपालने विचारले.

लिहा, म्हणालो.

सबब, माझ्या मालकीचे म्हैसासुराचे लाकडी सोंग, शिंगांसह, लुगड्यासह, मी वाल्मिक धर्मा निमसे याला देतो. माझ्या मरणाचे सुतक फिटले की त्याने ते न्यायला यावे. ओटीवरून नेऊ नये. उंबरा ओलांडून आत यावे. प्रियांकाने त्याला ओवाळून ते त्याच्या हातात द्यावे. ती नर्स आहे, माझे मयत तिने डोळ्यांनी पाहिलेले असेल, तेव्हा या खेपेस कोणाला शंका नको. साईनाथने वाद घातला तर त्याला या मृत्युपत्राचे तिसरे कलम वाचून दाखवावे.

वाल्मिकला सूचना. कागदाचे ते सोंग पोरांना खेळायला दे. फोन घरी ठेव. छातीला हात लावायचा नाही, तो हात माझा आहे आणि तो मी बरोबर घेऊन जातो आहे. आधी उजवा गुडघा. हनुवटी छातीला. तोंड आभाळाकडे. संबळ थांबेपर्यंत उठायचे नाही.

त्या वर्षी मी जिवंत होतो तरी तू माझ्या जागी मेलास. आता मी खरोखर गेलो आहे, तेव्हा जागा मोकळी आहे, घे. माझ्यासाठी तू एकदा रडून घेतले आहेस. परत रडायचे नाही, आज्याचे लाकूड ओलीने फुगते. फक्त नीट पड.

कलम सातवे. या मृत्युपत्राची अंमलबजावणी प्रियांकाने करावी. धम्मपाल रोकडे यांना मी काहीही देत नाही, कारण साक्षीदाराला काही द्यायचे नसते असे ते स्वतःच म्हणाले. त्यांना देण्यासारखे माझ्याकडे काही नव्हतेच, तेव्हा कायद्याने माझी अब्रू राखली.

याआधी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही. याआधीची माझी सर्व मरणे रद्द समजावीत.

ठिकाण: मौजे आवळेपाडा, पोस्ट खर्डी, तालुका शहापूर
दिनांक: ९ फेब्रुवारी २०२५

लिहून देणार: नवशा गोमा वेखंडे (सही. हात थरथरल्याने वाकडी आली आहे, पण माझीच आहे.)

साक्षीदार व लेखनिक: धम्मपाल तुकाराम रोकडे, भातसानगर. वरील मजकूर मी शब्दाला शब्द लिहिला व नवशाने माझ्यासमोर सही केली. आंघोळीबद्दल लिहिले आहे ते खरे आहे. या खेपेस मी करीन.

साक्षीदार: डॉ. ओमकार धानके, खर्डी. मृत्युपत्र करणारे सही करताना पूर्ण शुद्धीवर होते. सही झाल्यावर त्यांनी खाटेखालची पेटी उघडायला लावून सोंगाला आतून हात लावून पाहिला आणि कोरडे असल्याची खात्री करून घेतली.